ज्याचा त्याचा प्रश्न

धुळे-सोलापूर महामार्गाला जालना-अंबडकडून येणारा रस्ता जिथे मिळतो, तिथे वडीगोद्री आहे. एस.टी.च्या प्रवाशांना हे फाट्याचे गाव म्हणून ठाऊक असते. इथे चहा घ्यायचा, गाडी बदलायची, आणि पुढे शहागड, गेवराई, बीड. मराठी वाङ्मयाच्या इतिहासात या गावाला काही स्थान असल्याचे आमच्या ऐकिवात नाही. तरीही आजच्या विषयाची सुरुवात इथूनच करणे आम्हांला भाग आहे, कारण ज्या प्रश्नाने हे टिपण लिहायला लावले, तो इथल्याच एका विद्यार्थिनीने विचारला.

वर्गात विजय तेंडुलकरांचे 'शांतता! कोर्ट चालू आहे' चालले होते. बोलण्याच्या ओघात आम्ही सांगून गेलो की, तेंडुलकरांची कन्या प्रिया एकेकाळी दूरदर्शनवरील 'रजनी' म्हणून घराघरांत पोहोचली होती. रजनी कोण, हे वर्गातील एकालाही ठाऊक नव्हते. त्यात नवल नाही. ही मुले जन्माला आली तेव्हा प्रिया तेंडुलकरांना जाऊनही काही वर्षे झाली होती. म्हणून आम्ही थोडक्यात सांगितले: रजनी ही एक गृहिणी. कुठे अडवणूक दिसली, फसवणूक दिसली की गप्प न बसणारी. गॅसच्या सिलिंडरपासून टॅक्सीच्या भाड्यापर्यंत कशासाठीही भांडणारी, आणि शेवटी समोरच्याला वठणीवर आणणारी. मागच्या बाकावरून प्रश्न आला, "सर, मग रजनीनं बेणारेबाईंची केस घेतली असती का?"

वर्ग हसला. आम्हीही हसलो, आणि तास संपल्याची घंटा झाली म्हणून सुटलो. परंतु सुटलो असे आम्हांला वाटले तेवढेच. प्रश्न काही सुटला नाही. तो विचारणारीला त्याची खोली कळली होती की नाही, कोण जाणे. आम्हांला मात्र ती घरी येईपर्यंत चांगलीच जाणवू लागली. हे टिपण म्हणजे त्या प्रश्नाला दिलेले, उशिराचे का होईना, उत्तर आहे.

प्रथम थोडी माहिती. प्रिया तेंडुलकर यांचा जन्म 19 ऑक्टोबर 1954 चा आणि मृत्यू 19 सप्टेंबर 2002 चा. म्हणजे आयुष्य उणेपुरे अठ्ठेचाळीस वर्षांचेही नाही. अभिनयात स्थिरावण्यापूर्वी पंचतारांकित हॉटेलातील स्वागतिका, हवाई सुंदरी, मॉडेल, वृत्तनिवेदिका असे अनेक उद्योग त्यांनी केले. श्याम बेनेगलांच्या 'अंकुर'मध्ये (1974) त्या होत्या. मराठी चित्रपटांतून त्यांनी कामे केली. 1985 साली बासू चटर्जी दिग्दर्शित 'रजनी' आली आणि त्यानंतर त्यांनी जे काही केले ते लोकांनी रजनीच्या नावावर जमा केले. नव्वदीच्या दशकात त्यांनी स्वतःच्या नावाचा चर्चात्मक कार्यक्रम चालविला. त्यातही लोकांना रजनीच दिसली. आणि हे सर्व चालू असताना त्या मराठीत लिहीत होत्या. 'ज्याचा त्याचा प्रश्न', 'जगले जशी', 'असंही', 'पंचतारांकित', 'जन्मलेल्या प्रत्येकाला' ही त्यांची पुस्तके. मराठीच्या किती प्राध्यापकांच्या कपाटात यांतील एक तरी असेल? आम्ही स्वतःला या प्रश्नातून वगळत नाही. आमच्याही कपाटात वडिलांची सगळी नाटके होती आणि मुलीचे एकही पुस्तक नव्हते.

आमचे म्हणणे काय आहे ते आधीच सांगून टाकतो. रजनी ही भूमिका आज आपण दोनच प्रकारे आठवतो. एक प्रकार हळवा: काय दिवस होते ते, एकच वाहिनी, आणि कशा सरळ मालिका. दुसरा प्रकार तुच्छतेचा: मध्यमवर्गाची अर्ध्या तासाची क्रांती. आम्हांला दोन्ही प्रकार अपुरे वाटतात. रजनीने एक खरीखुरी गोष्ट केली होती आणि एक खरीखुरी गोष्ट झाकूनही टाकली होती. या दोन्ही गोष्टी एकत्र पाहिल्याखेरीज ना ती भूमिका समजेल, ना ती भूमिका करणारी स्त्री.

रजनीने केलेली गोष्ट आधी पाहू. 1984 च्या जुलैत 'हम लोग' सुरू झाली होती. देशभर लघुशक्ती प्रक्षेपक उभे राहण्याचा तो काळ. दूरदर्शन हे सरकारचे खाते होते. प्रसार भारतीचा कायदा व्हायला 1990 आणि तो अमलात यायला 1997 उजाडायचे होते. अशा सरकारी पडद्यावर, साध्या साडीतली एक बाई येते आणि खिडकीपलीकडच्या माणसाला विचारते की, माझे काम का होत नाही? आज हे दृश्य सामान्य वाटते. त्या काळी खिडकीपलीकडचा माणूस हा जवळजवळ नियतीचे रूप होता. गॅसची जोडणी, टेलिफोन, शाळेतला प्रवेश, कशासाठीही थांबायचे, आणि थांबणे हाच नागरिकाचा धर्म मानायचा. 'चालायचेच' हा मराठीतला एक अत्यंत उपयोगी शब्द आहे. रजनीने त्या शब्दाला नकार दिला.

याहून महत्त्वाचे म्हणजे तिने तक्रारीला घरगुती भाषा दिली. राजकीय भाषण न करता, कायद्याची कलमे न सांगता, कोणत्याही पक्षाचा झेंडा न घेता, दोन पिशव्या हातात असलेली बाई हक्क मागू शकते, हे दिसणे आवश्यक होते. ते पाहून काही लोक दुखावले, यातच त्याचे यश होते. टॅक्सीचालकांवरील भागानंतर मुंबईतल्या टॅक्सीचालकांनी दूरदर्शन केंद्रावर जाऊन निषेध केला, ही गोष्ट पुष्कळांना आठवत असेल. एखाद्या काल्पनिक बाईच्या बोलण्याने खऱ्या माणसांना राग यावा, हे वाङ्मयाच्या विद्यार्थ्याने सहज सोडून देण्यासारखे नाही. ज्यांच्या नाटकांवर मोर्चे निघाले, त्या तेंडुलकरांच्या घरातले हे दुसरे उदाहरण होय. वडिलांच्या नाटकांबद्दल आपण प्रबंध लिहितो. मुलीच्या मालिकेतील प्रसंग गमतीचा म्हणून सांगतो. असो.

1986 च्या 24 डिसेंबरला ग्राहक संरक्षण कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. रजनीमुळे कायदा झाला असे म्हणणे भाबडेपणाचे होईल, आणि आम्ही ते म्हणत नाही. त्यामागे ग्राहक चळवळीची दशकभराची मेहनत होती. मात्र कायदा आला तेव्हा त्याचा उपयोग कसा करायचा, समोरच्या माणसाकडे पाहून पहिले वाक्य कोणते बोलायचे, याची एक नक्कल लोकांच्या डोळ्यांसमोर तयार होती. कायद्याला कलमे लागतात, तशी एक देहबोलीही लागते. ती प्रिया तेंडुलकरांनी पुरविली.

आता झाकलेली गोष्ट. रजनीच्या आधी महाराष्ट्रातल्या बायका तक्रार करीत नव्हत्या काय? 1972 साली महागाई प्रतिकार संयुक्त महिला समिती उभी राहिली. मृणाल गोरे, अहिल्या रांगणेकर, प्रमिला दंडवते, तारा रेड्डी अशा वेगवेगळ्या पक्षांतल्या बायका एकत्र आल्या, आणि हजारो गृहिणी लाटणी घेऊन मुंबईच्या रस्त्यांवर उतरल्या. गोरेगावच्या पाण्यासाठी लढल्या म्हणून मृणालताईंना लोक पाणीवाली बाई म्हणत. 1975 साली मुंबई ग्राहक पंचायत सुरू झाली. तिचे सूत्रच असे की, शेजाऱ्यांनी गट करायचा, एकत्र खरेदी करायची, आणि व्यापाऱ्याच्या मर्जीवर राहायचे नाही. या सर्व कामातला कर्ता अनेकवचनी होता.

रजनी एकवचनी आहे. हा आमचा मुख्य आक्षेप. दहा वर्षे ज्या गोष्टी बायकांनी मोर्चाने, गटाने, रात्रीच्या बैठकांनी केल्या, त्या पडद्यावर येताना एका धीट बाईच्या स्वभावात गोळा झाल्या. अन्यायाविरुद्ध उभे राहणे ही संघटनेची बाब न राहता तडफेची बाब झाली. शेजारणी तिच्याकडे कौतुकाने पाहणाऱ्या झाल्या. मालिकेला नायिका लागते हे आम्हांलाही कळते. मोर्चाला नायिका करून तेरा आठवडे चालविता येत नाही. तरी हा बदल झाला आणि तो कोणाच्या लक्षात आला नाही, एवढे नोंदविलेच पाहिजे.

त्यालाच जोडून दुसरी बाब. रजनीच्या समोर सहसा कोण उभा असे? कारकून, टॅक्सीवाला, गॅसच्या एजन्सीतला माणूस. म्हणजे व्यवस्थेचा शेवटचा टोकाचा माणूस. सिलिंडर का मिळत नाही याचे एक उत्तर एजन्सीतल्या माणसाच्या लबाडीत असते, आणि दुसरे उत्तर देशात गॅस किती, तो कोणाला आधी द्यायचा, हे ठरविणाऱ्या दालनात असते. सरकारी पडद्यावर पहिल्या उत्तराला मुभा होती. आता आमच्या भागाचेच पाहा. 1985 साली आमच्या आयाबाया चुलीपुढे धूर खात होत्या. पऱ्हाट्या आणि गोवऱ्या यांची तक्रार कोणत्या खिडकीवर करायची? सिलिंडरचा भाग आम्ही पाहिला तो गावात ज्या एका घरी संच होता त्या घराच्या ओसरीवर दाटीवाटीने बसून, आणि आमच्या आठवणीत त्या दिवशी सगळ्यांत मोठा प्रश्न असा होता की, हे सिलिंडर म्हणजे नेमके काय असते? गरीब घरांसाठी गॅसजोडणीची उज्ज्वला योजना आली ती 2016 च्या मे महिन्यात. म्हणजे रजनीची तक्रार करण्याची पात्रता येण्यासाठी आमच्याकडच्या अनेक घरांना तीन दशके थांबावे लागले.

तरीही बाया पाहत होत्या. हे आम्ही मुद्दाम सांगतो, कारण इथे आमचाच युक्तिवाद अडखळतो. सिलिंडर म्हणजे काय हे ठाऊक नसलेल्या बाया रजनी बोलू लागली की पदराचे टोक दातांत धरून पुढे सरकत. त्यांना वस्तू कळत नव्हती. बोलणे कळत होते. एक बाई पुरुषाच्या डोळ्याला डोळा भिडवून बोलते आहे आणि तिला कोणी 'आत जा' म्हणत नाही, एवढे त्यांना पुरेसे होते. त्यामुळे रजनी ही केवळ शहरी मध्यमवर्गाची होती, असे शिक्के मारणाऱ्या समीक्षेवर आमचा विश्वास नाही. पाहणारा आपल्या गरजेपुरते घेतो. बाकीचे सोडून देतो.

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. 'शांतता!' 1967 सालचे. लीला बेणारे ही शाळेत शिकविणारी, हसरी, बोलकी बाई. एका गावातल्या सभागृहात हौशी नटमंडळी प्रयोगापूर्वी वेळ घालविण्यासाठी लुटुपुटीचा खटला मांडतात, तिला आरोपी करतात, आणि पाहता पाहता खेळाचा खरा खटला होतो. तिच्या पोटातल्या गर्भावर आणि तिच्या नोकरीवर निकाल दिला जातो. शेवटी तिचे दीर्घ स्वगत येते. ती जीव तोडून आपली बाजू मांडते, आणि त्या वेळी रंगमंचावरील बाकीची पात्रे निश्चल असतात. म्हणजे बेणारे बोलते, परंतु ज्यांनी ऐकायचे त्यांपैकी कोणीही ऐकत नाही.

रजनी आणि बेणारे यांच्यातला फरक इथे आहे. रजनीचे बोलणे नेहमी ऐकले जाते. आधी टाळाटाळ होते, उद्धटपणा होतो, परंतु भाग संपेपर्यंत कोणी तरी वरचा साहेब, कोणी तरी भला माणूस ते ऐकतोच. रजनीच्या जगाचा हा मूळ करार आहे. तिला खात्री असते की, खिडकीच्या मागे कुठे तरी न्याय बसलेला आहे. फक्त खिडकीवरचा माणूस मध्ये आडवा आला आहे. बेणारेच्या जगात न्यायाच्या खुर्चीवरच काशीकर बसलेले आहेत. वकिलीचा झगा सुखात्म्यांच्या अंगावर आहे. सौ. काशीकर, म्हणजे त्या खोलीतली दुसरी स्त्री, बेणारेच्या विरुद्ध आहे. आणि गावाकडचा तो भाबडा सामंत, ज्याचे कोणाशी वैर नाही, तोसुद्धा हातातल्या कादंबरीतून साक्ष वाचतो आणि ती साक्ष लागू पडते. हा सामंत आम्हांला फार अस्वस्थ करतो. तो आमच्यासारखा आहे.

मग रजनीने ती केस घेतली असती का? ती आत शिरली असती हे नक्की. टेबलावर हात आपटून 'हे काय चालले आहे' असेही विचारले असते. पण तक्रार कोणाकडे करणार? इथे खिडकी नाही. अलीकडे आणि पलीकडे असे काही नाही. सगळे एकाच खोलीत, एकाच गाडीने आलेले, एकाच डब्यातले खाणारे लोक आहेत.

इथे एक अनुभव सांगतो. आमच्या परिसरातल्या एका वस्तीवर एक बाई राहतात. रेशनचे धान्य मापात कमी मिळते, अशी त्यांची तक्रार होती, आणि ती खरी होती. आम्ही त्या वेळी उत्साहात होतो. आम्ही त्यांना अर्ज लिहून दिला. भाषा सुरेख, मुद्दे क्रमवार. कोणाचे नाव घेण्याचे इथे कारण नाही. अर्जाचा परिणाम झाला. पुढच्या महिन्यापासून माप बरोबर मिळू लागले. आम्ही मनातल्या मनात श्रेयनामावली सुद्धा फिरवून घेतली. तीन-चार महिन्यांनी त्या बाजारात भेटल्या तेव्हा विचारले, "मावशी, आता बरोबर मिळतं ना?" त्या म्हणाल्या, "माप बरूबर झालं सर, पण गल्लीतलं बोलणं बंद झालं." ज्याच्याविरुद्ध अर्ज केला तो कोणाचा तरी मेहुणा होता, कोणाचा तरी उसनवारीचा आधार होता. हळदीकुंकवाचे बोलावणे आले नाही. कोणी शिवी दिली नाही, कोणी धमकी दिली नाही. फक्त बाई एकट्या पडल्या. पुढे लेकीच्या लग्नाच्या वेळी त्याच माणसाकडे जाऊन त्यांना चार शब्द गोड बोलावे लागले.

त्या दिवशी आम्हांला रजनीच्या कथानकातली न दिसणारी अट दिसली. ती अट म्हणजे शहर. रजनीचा टॅक्सीवाला तिला पुन्हा भेटणार नाही. तिचा कारकून तिच्या आत्याच्या सासरचा नाही. अनोळखीपणा हे शहराचे दुःख म्हणून आपल्या कवितेने पुष्कळ गाइले. तोच अनोळखीपणा तक्रार करणाऱ्याची ढाल असतो, हे क्वचितच कोणी सांगितले. गावात खिडकीपलीकडचा माणूस अलीकडचाही असतो. म्हणून गावातला प्रत्येक अर्ज थोडाफार बेणारेच्या खटल्यात ओढला जातो: ज्याने अर्ज केला, तोच आरोपी.

मग लाटणे मोर्चाचे महत्त्व पुन्हा कळते. हजार बायकांचे बोलणे गल्ली बंद करू शकत नाही, कारण गल्लीच त्या हजारांत असते. आम्ही अर्ज लिहून दिला, तेव्हा त्यावर त्या एकट्या बाईंचा अंगठा घेतला. शेजारच्या दहा घरांत जाऊन दहा सह्या घेण्याचा विचार आमच्या डोक्यात आला नाही. आमच्या डोक्यात रजनी होती. चूक रजनीची नव्हती, आमची होती. पण ती चूक आम्ही कोठे शिकलो, हे प्रामाणिकपणे सांगायला हवे.

समूहाची तक्रार म्हणजे काय, हे आमच्या गावाने अलीकडे जवळून पाहिले. 2023 च्या उत्तरार्धात इथून जवळच्या अंतरवाली सराटीतील मराठा आरक्षणाच्या आंदोलनाकडे सारा महाराष्ट्र पाहू लागला. 2024 च्या जूनमध्ये खुद्द वडीगोद्रीत ओबीसी आरक्षणाच्या बचावासाठी उपोषण झाले. वाहिन्यांच्या गाड्या रस्त्याच्या कडेला उभ्या राहिल्या. ज्या गावात ओसरीवर बसून दूरचित्रवाणी पाहिली, ते गाव दूरचित्रवाणीवर आले. कोणाची मागणी रास्त, याचा निवाडा करण्याचे हे स्थळ नव्हे. आम्हांला एवढेच दिसले की, इथे एकवचन संपले होते; पण अनेकवचन 'आपले' आणि 'त्यांचे' असे दोन झाले होते. माप कमी देणाऱ्याविरुद्ध दोन्हीकडच्या बाया एका अर्जावर सह्या करतील, असे अनेकवचन अजून दूर आहे. रजनी एकटी होती हे तिचे वैगुण्य खरे. परंतु ती कोणाच्या जातीसाठी भांडत नव्हती, हेही विसरता येत नाही.

आता पुन्हा प्रिया तेंडुलकरांकडे. 'अंकुर'मधली त्यांची भूमिका किती जणांना आठवते? हैदराबादेच्या बाजूचे एक खेडे. जमीनदाराचा मुलगा सूर्या शेतीवर राहायला येतो, कामवाल्या लक्ष्मीशी संबंध ठेवतो. मागाहून त्याची बायको सरू तिथे राहायला येते आणि लक्ष्मीचे त्या घरातले स्थान संपते. ही सरू म्हणजे प्रिया तेंडुलकर. आम्ही मराठवाड्यातले लोक तो चित्रपट थोड्या वेगळ्या नजरेने पाहतो. 17 सप्टेंबर 1948 पर्यंत आमचा आणि त्या खेड्याचा राजा एकच होता. ते वाडे, ते पाटील, तो दरारा आमच्या आजोबांच्या बोलण्यात होता. सरू दुष्ट नाही. ती आपले घर राखते. तिची तक्रार तिच्या बाजूने खरीच आहे, आणि तिच्या खऱ्या तक्रारीची किंमत लक्ष्मीला मोजावी लागते. रजनीच्या अकरा वर्षे आधी त्याच अभिनेत्रीने तक्रारीची ही दुसरी बाजू उभी केली होती. लोकांनी ती लक्षात ठेवली नाही, कारण ती लक्षात ठेवणे सोयीचे नव्हते.

एका भूमिकेत कोंडले जाण्याचे दुसरे उदाहरण घेऊ. 1989 साली 'उडान' आली. कविता चौधरी यांनी ती लिहिली, दिग्दर्शित केली आणि नायिकेची भूमिकाही केली. आपल्या भगिनी, पोलीस अधिकारी कांचन चौधरी भट्टाचार्य यांच्या जीवनावर ती आधारलेली होती. कविता चौधरी 2024 च्या फेब्रुवारीत गेल्या तेव्हाही बातम्यांत 'उडान' आणि एक जाहिरात एवढेच होते. परंतु त्यांच्या बाबतीत भूमिका आणि लेखन एकच होते. जे लक्षात राहिले ते त्यांचेच शब्द होते. प्रिया तेंडुलकरांचे तसे नव्हते. रजनीचे शब्द दुसऱ्यांनी लिहिलेले. त्यांचे स्वतःचे शब्द दुसरीकडे होते, मराठीत होते, पुस्तकांच्या रूपाने होते. आणि त्यांच्याकडे वळून पाहण्याचे काम ज्यांचे होते, त्या आम्हा मराठीच्या मंडळींनी ते केले नाही.

का केले नाही? आमच्या मते याची दोन कारणे आहेत. पहिले, लोकप्रिय चेहऱ्याने लिहिलेले ते हौशीच असणार, हा विद्यापीठीय अहंकार. दुसरे, 'तेंडुलकरांची मुलगी'. बापाच्या नावाची सावली मुलाला कधी कधी आधार देते. लेखक असलेल्या मुलीला ती झाकून टाकते. एकीकडून रजनी, दुसरीकडून वडील, या दोहोंच्या मध्ये कथाकार प्रिया तेंडुलकर दिसेनाशा झाल्या. 2002 साली त्या गेल्या. वडील त्यानंतर 2008 पर्यंत होते. वर्तमानपत्रांनी बापाच्या दुःखावर लिहिले, रजनीच्या आठवणींवर लिहिले. कथासंग्रहांवर किती लिहिले गेले, ते ज्याने त्याने आपल्या ग्रंथालयात जाऊन पाहावे.

'ज्याचा त्याचा प्रश्न' हे शीर्षकच पाहा. रजनीचे ब्रीद याच्या अगदी उलट होते: दुसऱ्याचा प्रश्न तो माझा प्रश्न. जिला सारा देश परोपकारी भांडखोर म्हणून ओळखत होता, तिने आपल्या पुस्तकाच्या कपाळावर हे तीन शब्द लिहावेत, यात आम्हांला केवळ योगायोग दिसत नाही. हे शब्द मराठीत आपण हात झटकताना वापरतो. पण ते हताशपणेही म्हणता येतात. एका बाईचा प्रश्न दुसरीला सोडविता येत नाही, फार तर शेजारी बसून ऐकता येतो, अशा अर्थानेही. कथा नेमके हेच करते. कथेला शेवटच्या पाच मिनिटांत न्याय मिळवून द्यायचा नसतो. बेणारेचे स्वगत जे रंगमंचावर कोणी ऐकत नाही, ते ऐकायला प्रेक्षागृहात आपण असतो. त्यासाठीच ते लिहिलेले आहे.

तेव्हा त्या विद्यार्थिनीला आमचे उत्तर असे. रजनीने ती केस घेतली नसती. घेता आली नसती. रजनीला खिडकी लागते. परंतु रजनीचे काम करणारी स्त्री घरी येऊन जी लिहायला बसत असे, तिच्या कक्षेत ती केस येत होती. ही पुस्तके थोर आहेत असे प्रमाणपत्र आम्ही देत नाही. थोर आहेत की नाहीत हे ठरविण्यापूर्वी ती वाचावीत, एवढीच आमची मागणी. वडिलांचे नाटक अभ्यासक्रमात आहे, तर त्याच्या शेजारी मुलीची एक कथा ठेवून पाहावी. त्याच तासाला मुलांना एक अर्जही लिहायला सांगावा, माप कमी मिळाल्याचा, आणि त्याखाली किमान दहा सह्या कोणाच्या घ्याल, ती नावे लिहायला सांगावीत. ग्राहक संरक्षणाचा 2019 चा नवा कायदा 2020 च्या जुलैपासून लागू झाला. आपण जिथे राहतो त्या जिल्ह्यातच तक्रार दाखल करण्याची सोय त्यात आहे. कायदा गावाच्या जवळ आला. सह्यांची यादी मात्र कायदा देत नाही.

पुढच्या तासाला आम्ही हे सर्व वर्गात सांगितले, यापेक्षा पुष्कळच थोडक्यात. मुलीने ऐकून घेतले. मग विचारले, "सर, पुस्तक आपल्या ग्रंथालयात आहे का?"

नव्हते. मागणीपत्र आम्ही भरले आहे. त्यावर आमची एकट्याची सही नाही. वर्गातल्या सगळ्यांच्या आहेत.